शेवटची सायकल येईपर्यंत

बाबांच्या दुकानात एक उभी, लांबोडकी वही होती. पुठ्ठ्यावर ग्रीसच्या बोटांचे ठसे आणि आत हातानं आखलेले पाच रकाने: सायकलचा नंबर, नाव, गाव, नेली केव्हा, आणली केव्हा. भाड्याच्या नऊ सायकली, तासाला पन्नास पैसे. दुकान म्हणजे आमच्या घराचीच पुढची खोली. परतवाड्याहून चिखलदऱ्याकडे जाणाऱ्या रस्त्यापासून थोडं आत, सातपुड्याच्या पायथ्याशी आमचं बाजाराचं गाव. १९८० च्या दशकाचा शेवट होता आणि मी तिसरी-चौथीत होते. मला नुकतंच घड्याळ वाचता येऊ लागलं होतं, म्हणून शेवटच्या रकान्यातली वेळ लिहायचं काम माझ्याकडे आलं.

दिवेलागणीला दुकानाबाहेरच्या खिळ्याला कंदील लागायचा. शेवटची सायकल परत येईपर्यंत दुकानाच्या फळ्या लागत नसत, कंदील उतरत नसे आणि बाबा जेवत नसत. आई ताट झाकून ठेवायची आणि चिडायची. "येईन न सकाळी घेऊन, कुठं पळते ते सायकल?" बाबांचं उत्तर ठरलेलं होतं. "अंधारात आला अन् दुकान बंद दिसलं, तं त्याले वाटन आपलंच चुकलं."

एका पावसाळ्यात, पोळ्याच्या आधी, चार नंबरची सायकल रात्री आठपर्यंत यायची ती आलीच नाही. नेणारा एका शेतकऱ्याकडे सालदार होता. मालकाचा निरोप घेऊन घाटावरच्या गावाला गेला होता. नऊ वाजले, दहा वाजले. पावणेअकराला चिखलात पाय उचलल्याचा आवाज आला. तो चालत येत होता आणि सायकल त्याच्या खांद्यावर होती. घाट उतरताना पुढचं चाक खड्ड्यात गेलं आणि ते चाक धरणारा चिमटा मानेपाशी तुटला. सुटं झालेलं चाक एका हातात, बाकीची सायकल खांद्यावर, असा तो तीन कोस चालला होता. सायकल झुडपात लपवून एखाद्या ट्रकनं खाली येता आलं असतं त्याला. "भाड्याची व्हती," एवढंच म्हणाला.

बाबांनी त्याला आधी पाणी दिलं. मग विचारलं, चिमटा कोणत्या वक्ताला तुटला. दिवस बुडत होता, तो म्हणाला. बाबा माझ्याकडे वळले. "साडेसहा लिही."

मी घड्याळाकडे पाहिलं. "बाबा, पावणेअकरा झाले."

"चालला त्याचं भाडं नसते व बाई. साडेसहा लिही."

सकाळी बाबा तो चिमटा घेऊन शेजारी लोहारकाकांकडे गेले. मागून मीही. वखराची पास पाजवून घ्यायला आलेले दोघं-तिघं आधीच बसलेले होते. भाता ओढायला रोज काकू असायच्या, पण त्या दिवशी त्या निंदायला गेल्या होत्या. काका म्हणाले, "ओढतं काय व पोट्टे?" मी दोन्ही हातांनी साखळी धरली. कोळसे काळ्याचे लाल, लालाचे पिवळे झाले. काकांनी तुटलेली दोन टोकं जुळवली, टाकणखार टाकला, पितळ वितळवून फटीत उतरवलं. भाता थांबला की काका नुसते माझ्याकडे बघायचे, बोलायचे नाहीत. जोड थंड झाल्यावर त्यांनी चिमटा दगडावर आपटून पाहिला आणि बाबांच्या हातात दिला. त्या दिवशी मी शाळेत सगळ्यांना सांगत होते की चार नंबरच्या सायकलचा चिमटा मी जोडला. आजही मला तसंच वाटतं.

हे सगळं इतकं सविस्तर सांगायचं कारण फ्रान्समध्ये आहे.

जुलै आला की आमच्याकडे पेरणी होऊन गेलेली असते किंवा दुबार पेरणीची चिंता असते. पऱ्हाटी वीतभर वर आलेली, डवरे धरायची तयारी, आणि आभाळाकडे सगळ्यांच्या माना. नेमक्या त्याच तीन आठवड्यांत तिकडे 'टूर द फ्रान्स' ही सायकलींची शर्यत चालते. काही वर्षांपूर्वी शाळेतून शिकवून येऊन मोबाईलवर सहज काहीतरी बघताना मला ती दिसली. दोन्ही बाजूंना सूर्यफुलाची वावरं, मधून चिंचोळा डांबरी रस्ता आणि त्यावर दीडशेच्या वर सायकली एखाद्या नदीसारख्या वाहत चाललेल्या. मी ओसरीच्या कोपऱ्यात उभी होते, कारण नेट तिथंच येतं. बाबा बाजेवर होते. मी फोन त्यांच्यापुढे धरला. दुकान बंद होऊन तेव्हा बरीच वर्षं झाली होती. गावात मोटारसायकली आल्या आणि तासावर सायकल मागणारं कोणी उरलं नाही. बाबांनी चष्मा लावला आणि पहिलाच प्रश्न विचारला, "इतक्या सायकली कोणाच्या व?"

तेव्हापासून दर जुलैत संध्याकाळी आम्ही दोघं ही शर्यत बघतो. तिकडची दुपार सरत आलेली असते. टप्पा संपतो तेव्हा आपल्याकडे रात्रीचे नऊ वाजायला आलेले असतात.

नियम समजावून सांगताना मला वाटलं होतं की फार वेळ जाईल. २१ टप्पे, मध्ये दोन दिवस विश्रांती, एकूण अंतर साधारण ३४०० किलोमीटर. एका संघात आठ जण. रोज जो पहिला येतो तो त्या टप्प्याचा विजेता, पण सगळ्या शर्यतीचा विजेता तो, ज्याच्या एकवीस दिवसांच्या वेळेची बेरीज सगळ्यात कमी. एकही टप्पा न जिंकता माणूस शर्यत जिंकू शकतो. १९८९ मध्ये तीन आठवड्यांच्या बेरजेनंतर पहिल्या आणि दुसऱ्यात फक्त ८ सेकंदांचा फरक उरला. अमेरिकेचा ग्रेग लेमाँड जिंकला, फ्रान्सचा लोराँ फिन्याँ हरला. बाबांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "म्हणजे वहीच हाय. शेवटच्या रकान्याची बेरीज." एवढ्यात समजलं त्यांना.

वाऱ्याचं तर त्यांनीच मला सांगितलं. पुढचा माणूस वारा फोडतो आणि त्याच्या चाकाला चाक लावून चालणाऱ्याला जवळजवळ एक तृतीयांश जोर कमी लागतो. घोळक्याच्या मधोमध असेल त्याला त्याहूनही कमी. म्हणून संघातली माणसं आळीपाळीनं पुढे येतात. वारा बाजूनं असला तर रांग सरळ राहत नाही, रस्त्याच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत तिरपी होते. रस्त्याची रुंदी संपली की ज्याला आडोसा मिळाला नाही तो मागे पडतो, आणि एकदा मागे पडला की एकट्यानं तो वारा भरून काढणं होत नाही. बाबा तरुणपणी सायकलवर कापसाच्या वखारीत हिशेबाचे कागद पोचवायचे, उन्हाळ्यात, समोरून लू घेत. "दोघं असलो तं अर्धी वाट तू पुढं, अर्धी मी," ते म्हणाले. "पण पोचल्यावर वखारीवाला पहिल्याचाच कागद आधी घे."

ते वाक्य मला चिकटून राहिलं. कारण ही सगळी शर्यत माझ्या नजरेत त्यावरच उभी आहे: वारा कोणी फोडला आणि कागद कोणाचा आधी घेतला गेला.

आठ जणांच्या संघात जिंकण्यासाठी आलेला एखादाच असतो. बाकीच्यांचं काम वेगळं. मागच्या गाडीपर्यंत मुद्दाम मागे जायचं, पाण्याच्या बाटल्या पाठीवर, छातीशी, सदऱ्यात कोंबायच्या आणि तेवढं वजन घेऊन पुन्हा सगळ्या घोळक्याला ओलांडत पुढे येऊन त्या वाटायच्या. फ्रेंच लोक त्यांना पाणी वाहणारे म्हणतात. आपल्याकडे निंदणाऱ्या बायांना बांधावरून पाणी नेऊन देणारा तो पाणक्या, तोच हा. चढाच्या पायथ्याशी आपल्या मुख्य माणसाला वाऱ्याआड ठेवत असा एखादा पाणक्या छाती फुटेस्तोवर ओढतो आणि अंगातलं संपलं की बाजूला होतो. कॅमेरा पुढे जातो. तो कडेला एका पायावर जोर देत, मान खाली घालून हळूहळू चढत राहतो आणि चित्रातून निघून जातो.

या माणसांना शर्यतीच्या भाषेत दोमेस्तीक म्हणतात. म्हणजे घरगडी. हा शब्द कुठून आला ते मी वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही. १९११ सालची गोष्ट. मोरीस ब्रोको नावाचा एक सायकलस्वार होता. एका टप्प्यात फार मागे पडल्यावर जिंकायची आशा संपली, तेव्हा त्यानं फ्रांस्वा फाबेर या दुसऱ्या स्वाराला मदत केली. फाबेर वेळेत पोचला नसता तर बाद झाला असता, ब्रोकोनं त्याला वाऱ्याआड घेऊन आणून सोडलं. तेव्हा अशी मदत नियमात बसत नव्हती. शर्यतीचा प्रमुख आँरी देग्रांज हा वृत्तपत्राचा संपादक. त्यानं आपल्या पेपरात ब्रोकोला तुच्छतेनं घरगडी म्हटलं. दुसऱ्या दिवशी ब्रोको डोंगरात असा सुटला की अर्ध्या तासाहून जास्त फरकानं पहिला आला. तरी त्याला बाद केलं गेलं. शिवी मात्र राहिली, आणि पुढे त्या कामाचं नावच होऊन बसली.

दुकान टाकायच्या आधी बाबा सात वर्षं सालदार होते. पाडव्याला साल ठरायचं: एवढे पैसे, एवढी ज्वारी, एक धोतरजोडी. पहाटे बैलांना वैरण टाकण्यापासून रात्री त्यांना बांधेपर्यंतचा सगळा दिवस मालकाचा. वावर पिकलं की गाव म्हणायचं, अमक्याचं वावर यंदा पिकलं. पुढे दुकान झालं, सायकली झाल्या, तरी एकदा एका घरच्या लग्नात पंगतीत बाबा बसायला लागले तेव्हा कोणीतरी मागून म्हणालं, "ते सालदाराले तिकडं बसव." मी सोबत होते. बाबा उठले आणि तिकडं जाऊन बसले. जेवताना त्यांनी मला जिलबी वाढून घ्यायला लावली. ब्रोकोची गोष्ट मी त्यांना सांगितली तेव्हा ते पंगतीचं काही बोलले नाहीत. फक्त म्हणाले, "अर्धा घंटा आधी आला न? मंग झालं."

काळ बदलला तशी मदत नियमात आली आणि तिचा मानही वाढत गेला. आता विजेता आपल्या बक्षिसाची रक्कम संघातल्या सोबत्यांत आणि कामगारांत वाटून टाकतो, तसा रिवाजच आहे. हे ऐकून बाबांनी मान डोलावली होती. आमच्याकडे शंकरपटात, म्हणजे बैलांच्या शर्यतीत, जोडी सेकंदाच्या हिशेबानं सुटते, बक्षीस मालकाच्या हातात पडतं, भोंग्यावर नाव मालकाचं गाजतं. जोडी हाकणाऱ्या धुरकऱ्याला काय मिळालं ते विचारावं लागतं. पटावरची बंदी उठून पट पुन्हा भरू लागले याचा मला आनंदच आहे, पण हे एक तिथल्या लोकांनी मनावर घ्यावं असं फार वाटतं.

१९३४ सालचा एक फोटो आहे. रने व्हिएतो, वय वीस, रस्त्याकडेच्या दगडी कठड्यावर बसलेला. शेजारी सायकल, तिला पुढचं चाक नाही. तो पहिल्याच वर्षी डोंगरात सगळ्यांच्या पुढे निघत होता, पण संघाचा मुख्य माणूस आंतोनँ मान्ये होता आणि मान्येचं चाक मोडलं होतं. व्हिएतोनं आपलं चाक काढून दिलं आणि गाडी येण्याची वाट बघत बसला. दुसऱ्या दिवशी मान्येची सायकल पुन्हा बिघडली तेव्हा व्हिएतो पुढे निघून गेला होता. निरोप मिळाल्यावर तो उलटा फिरला, शर्यतीच्या तोंडावर उलटा, आणि चढ परत चढून जाऊन त्यानं मदत दिली. मान्ये जिंकला, व्हिएतो पाचवा आला. पुढे कित्येक वर्षं शर्यतीत उतरूनही तो ती कधी जिंकला नाही. बाबा त्या फोटोकडे बराच वेळ बघत होते. म्हणाले, "चाक काढून दिलं तेव्हा अॅक्सलचे नट कोणी खोलले? पाना होता काय त्याच्यापाशी?" त्यांना खरोखर ते जाणून घ्यायचं होतं. सायकलवर आयुष्य काढलेल्या माणसाचा प्रश्न होता तो.

आणि मग युजेन क्रिस्तोफ.

मी शाळेत सुट्टीच्या वेळी वाचत बसले होते, आणि वाचता वाचता मला लोहारकाकांच्या कोळशाचा वास आला. साल १९१३. बायोनहून लुशोंपर्यंतचा ३२६ किलोमीटरचा एकच टप्पा, पिरेनीज पर्वतातून. तुरमाले ही खिंड २११५ मीटर उंचीवर आहे. आमचं चिखलदरा जेमतेम अकराशे मीटर, आणि तिथं जाताना एसटीसुद्धा कण्हते. क्रिस्तोफ त्या दिवशी बेरजेत सगळ्यांच्या पुढे जायच्या बेतात होता. तुरमाले उतरताना त्याच्या सायकलचा चिमटा तुटला. दुसऱ्याची सायकल घ्यायची नाही, दुसऱ्याकडून दुरुस्त करून घ्यायची नाही, हे नियम. त्यानं सायकल खांद्यावर घेतली आणि चालू लागला. सुमारे १४ किलोमीटर. ज्यांना त्यानं मागे टाकलं होतं ते सगळे एकेक करून त्याच्या शेजारून निघून गेले.

खाली सँत-मारी-द-कांपां नावाच्या गावात एक लोहारसाळ होती. लोहारानं जागा दिली, ऐरण दिली, कसं करायचं ते तोंडानं सांगितलं. हात लावला नाही. शर्यतीचे अधिकारी दारात उभे राहून बघत होते. क्रिस्तोफनं स्वतः लोखंड तापवलं, ठोकलं, चिमटा जोडला. पण एक हात लोखंडाला, एक हात हातोड्याला, तिसरा हात कुठून आणणार? लोहारसाळेतल्या एका लहान मुलानं भाता चालवला.

त्याबद्दल त्याला दंड झाला. दहा मिनिटांचा. नंतर तो तीन मिनिटांवर आणला म्हणतात, पण तसंही त्या दिवशी जवळजवळ चार तास गेलेच होते. तो उरलेली शर्यत पूर्ण करून सातवा आला.

मला सगळ्यात जास्त त्या मुलाचं वाटत राहतं. त्यानं तर शाळेत सांगितलं असेल ना, चिमटा मी जोडला म्हणून. मग त्याला कोणीतरी सांगितलं असेल की तुझ्या भात्यामुळे त्या माणसाची वेळ वाढली. मी गुन्हा केला का, असं विचारलं असेल त्यानं घरी. ज्या नियमाला भात्यावरचा लहान हात दिसतो आणि १४ किलोमीटर चाललेले पाय दिसत नाहीत, तो नियम लिहिणाऱ्यानं कधी लोखंड तापवलेलं नव्हतं हे नक्की. लोखंड एकट्यानं तापत नाही. आमच्याकडे कोणत्याही लोहाराला विचारा. ऐरणीच्या एका बाजूला काका असतात, दुसऱ्या बाजूला काकू घण घेऊन असतात, आणि भात्यावर पोर.

ही गोष्ट मी बाबांना संध्याकाळी सांगितली. चार नंबरची सायकल त्यांना मी आठवण करून द्यावी लागली नाही. त्यांनी विचारलं, "चालला ते चार घंटे पण मोजले?" मोजले, मी म्हणाले. ते गप्प बसले. थोड्या वेळानं म्हणाले, "वही कोणाच्या हातात हाय, त्याच्यावर असते."

त्या गावात आता त्या जागेवर फलक आहे. क्रिस्तोफची कथा तिथं संपत नाही, आणि पुढचं मला सहन होत नाही म्हणून पटकन सांगते. १९१९ मध्ये, महायुद्धानंतरच्या पहिल्या शर्यतीत, आघाडीवरचा स्वार लोकांना ओळखू यावा म्हणून पिवळा सदरा सुरू झाला. शर्यत भरवणारं 'लोतो' हे वृत्तपत्र पिवळ्या कागदावर छापलं जायचं. तो पहिला पिवळा सदरा क्रिस्तोफच्या अंगावर आला. शेवटून दुसरा टप्पा, जवळजवळ अर्ध्या तासाची आघाडी, आणि पुन्हा चिमटा तुटला. पुन्हा स्वतः जोडला, पुन्हा तास गेले. वाचकांनी वर्गणी काढून त्याला पैसे पाठवले. टूर तो कधीच जिंकला नाही.

या शर्यतीत सगळं स्वच्छ आहे असं मी म्हणणार नाही. लान्स आर्मस्ट्राँगची सात विजेतेपदं २०१२ मध्ये उत्तेजक घेतल्याबद्दल काढून घेतली गेली आणि ती दुसऱ्या कोणालाही दिली नाहीत. १९९९ ते २००५ विजेत्याच्या जागी नाव नाही. बाबांना मी ती यादी दाखवली. वहीत सात ओळी रिकाम्या सोडणं त्यांना बरोबर वाटलं. खोटी वेळ लिहिण्यापेक्षा ओळ कोरी बरी.

मी मात्र त्यासाठी ही शर्यत बघणं सोडणार नाही, कारण २०२४ मी पाहिलेलं आहे. मार्क कॅव्हेंडिश, वय ३९. त्याला एडी मर्क्सचा ३४ टप्पे जिंकण्याचा विक्रम मोडायचा होता. बरोबरी तीन वर्षांपूर्वीच झाली होती. पहिल्याच दिवशी इटलीत, फ्लोरेन्सहून रिमिनीला जाताना उन्हानं त्याची दैना झाली. सायकलवरच ओकला. डोंगरात ठरलेल्या वेळेच्या आत पोचला नाही तर माणूस बाद होतो, आणि मागून एक गाडी मागे राहिलेल्यांना गोळा करत येते. त्याला त्यांच्याकडे झाडूगाडी म्हणतात. कॅव्हेंडिशच्या संघातले सोबती पुढे जायचं सोडून त्याच्याभोवती राहिले. कोणी पाणी त्याच्या मानेवर ओतत होता, कोणी पुढे होऊन वारा घेत होता. अर्ध्या तासाहून जास्त मागे, पण वेळेच्या आत ते पोचले. चार दिवसांनी त्यानं पस्तिसावा टप्पा जिंकला. त्या दिवशी टीव्हीवाले त्याला दाखवत होते आणि बाबा फोनला नाक लावून दुसऱ्यांना शोधत होते. "पाणी ओतणारा तो कुठं हाय?"

बाबांची ही सवय पुढे वाढतच गेली. चढाच्या पायथ्याशी कोणी बाजूला झाला की ते त्याच्या पाठीवरचा नंबर लक्षात ठेवतात. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेले डोळे, पण नंबर चुकत नाही. टप्पा संपला की मी निकालाची यादी काढते आणि वरून नाही, खालून वाचते.

खालून पहिला जो, त्याला शर्यतीत नाव आहे: लाल कंदील. हे नाव रेल्वेवरून आलं. गाडीच्या शेवटच्या डब्याला लाल दिवा असायचा. हे मी सांगितल्यावर बाबांना शकुंतला आठवली. अचलपूरहून मूर्तिजापूरला जाणारी आमची अरुंद रुळांची गाडी, कापूस वाहून नेण्यासाठी इंग्रजांच्या काळात टाकलेली, १९९४ पर्यंत वाफेच्या इंजिनावर चालणारी, आता काही वर्षांपासून बंद. बाबा म्हणाले, तो दिवा लोकांसाठी नसायचा, स्टेशनवाल्यासाठी असायचा. लाल दिवा समोरून गेला की त्याला कळायचं, गाडी पूर्ण गेली, मध्ये एकही डबा सुटून राहिला नाही. मी इतकी वर्षं तो दिवा म्हणजे शेवट समजत होते.

१९०३ च्या पहिल्या टूरमध्ये ६० जण निघाले आणि २१ पोचले. सहा टप्पे, २४२८ किलोमीटर. विसावा आणि एकविसावा यांना कोणी शाबासकी दिली असेल का माहीत नाही, पण एकविसावा आर्सेन मिलोशो पहिल्यापेक्षा जवळपास ६५ तास उशिरा पोचला. ६५ तास! पोचल्याची नोंद झाली म्हणजे वही कोणीतरी उघडी ठेवली होती.

आता आपल्याकडेही ही हवा आली आहे. २०२६ च्या जानेवारीत पुणे जिल्ह्यात बाहेरच्या देशांतले संघ बोलावून पाच दिवसांची टप्प्यांची शर्यत झाली, ४३७ किलोमीटर. आमच्या नागपूरचे डॉ. अमित समर्थ तर २०१८ मध्येच मॉस्कोहून व्लादिवोस्तोकपर्यंत १५ टप्प्यांत सुमारे ९१०० किलोमीटर सायकल चालवून आले. रविवारी पहाटे आमच्या फाट्यावरून अमरावतीकडची पोरं हेल्मेट घालून चिखलदऱ्याच्या घाटाकडे जाताना दिसतात. माझ्या वर्गातल्या दोन मुली शाळेला मिळालेल्या सायकलींवरून रोज चार किलोमीटर येतात, त्या एकदा त्यांच्या मागे लागून घाटाच्या पहिल्या वळणापर्यंत गेल्या. दुसऱ्या दिवशी मला त्यांनी किती मिनिटं लागली ते सांगितलं. मी विचारलं, पुढे कोण होतं? दोघींनी एकमेकींकडे बोट दाखवलं.

मागच्या जुलैत एका डोंगराच्या टप्प्याच्या दिवशी आमच्याकडे दुपारपासून झड लागली होती. वीज जात-येत होती. ओसरीवरच्या बाजेवर बाबा घोंगडं घेऊन पडले होते, मी कोपऱ्यात फोन धरून उभी. पहिला आला, हात वर केले, गर्दी ओरडली. बाबांनी डोळे मिटले होते. मला वाटलं, झोप लागली. मी यादी येण्याची वाट बघत थांबले, कारण शेवटचे लोक अर्ध्या-पाऊण तासानं येतात. पाऊस वाढला. मी दाराशी जाऊन बाहेरच्या दिव्याच्या बटणावर हात ठेवला. दिवा आता विजेचा आहे, पण कंदिलाच्या त्याच खिळ्याशेजारी आहे.

"सगळ्या आल्या काय व?" बाबांनी डोळे न उघडता विचारलं.

मी फोन पाहिला. खालून वाचलं.

"दोन नाही आल्या, बाबा."

पत्र्यावर पाऊस वाजत होता. बराच वेळ ते काही बोलले नाहीत.

"मंग दिवा राहू दे बाहेरचा."